जहाजं कमी, कारकून जास्त

'सरकारी काम, सहा महिने थांब' ही म्हण खिडकीच्या बाहेर उभ्या असलेल्या माणसाने रचलेली आहे. त्याच्या हातात अर्ज, झेरॉक्सच्या तीन प्रती, पुढे चौदा माणसं, आणि खिडकीत 'जेवणाची सुट्टी'ची पाटी. आत कुणी काम करत नाही, याबद्दल त्याच्या मनात शंका नसते. आता हेच आतल्या माणसाला विचारा. तो म्हणेल, अहो, मान वर करायला फुरसत नाही, गेल्या रविवारीसुद्धा येऊन बसलो होतो. पंचाईत अशी की दोघंही खरं बोलत असतात.

आत सगळे राबतायत आणि बाहेर काहीच पडत नाही, हे एकाच वेळी कसं होतं? व्यवस्थापनाच्या जाडजूड पुस्तकांत याची उत्तरं आहेत, पण ती वाचता वाचता डोळा लागतो. मला पटलेली उत्तरं दोन विनोदी पुस्तकांत आहेत. एक १९५७ सालचं, दुसरं १९६९ सालचं. 'पार्किन्सनचा नियम' आणि 'पीटर प्रिन्सिपल' ही नावं आता ज्यांनी पुस्तकं पाहिलीही नाहीत त्यांच्या तोंडी असतात, आणि पार्किन्सनचं तर बहुतेक जण अर्धंच सांगतात.

पहिल्यापासून सुरुवात करू.

१९ नोव्हेंबर १९५५च्या 'द इकॉनॉमिस्ट'मध्ये एक निनावी लेख छापून आला. लेखक होता सिरिल नॉर्थकोट पार्किन्सन, धंद्याने नौदलाचा इतिहासकार, त्या वेळी सिंगापूरला मलाया विद्यापीठात इतिहासाचा प्राध्यापक. लेखाचं पहिलंच वाक्य जगभर गेलं: हाताशी जेवढा वेळ असेल तेवढं काम फुगतं. दाखल्याला त्याने एक निवांत म्हातारी उभी केली आहे. तिला पुतणीला एक पोस्टकार्ड पाठवायचं आहे. कार्ड शोधण्यात एक तास, चष्मा शोधण्यात दुसरा, पत्त्यासाठी अर्धा तास, मजकूर जुळवायला सव्वा तास, आणि कोपऱ्यावरच्या पेटीपर्यंत जाताना छत्री घ्यावी की नको यात वीस मिनिटं. कामात बुडालेला माणूस हेच तीन मिनिटांत उरकेल. म्हातारी मात्र संध्याकाळी दमून आडवी होते, आणि तिचं दमणं खोटं नसतं.

बहुतेक लोक इथेच थांबतात. 'पार्किन्सनचा नियम' म्हणजे डेडलाइन जवळची द्या, काम लवकर होतं, असा त्यांचा समज. ऑफिसातल्या ट्रेनिंगमध्ये, पीपीटीच्या तिसऱ्या स्लाइडवर हेच असतं. पार्किन्सनला म्हातारीत फारसा रस नव्हता. ती दारातली रांगोळी, घर पुढे आहे. त्याला सांगायचं होतं ते असं: काम आणि काम करणाऱ्यांची संख्या यांचा एकमेकांशी जवळजवळ काही संबंध नसतो.

समजा 'अ' नावाचा एक अधिकारी आहे आणि त्याला कामाचा ताण जाणवू लागलाय. ताण खरा आहे की वयाचा परिणाम, हे इथे महत्त्वाचं नाही. त्याच्यापुढे तीन वाटा आहेत. राजीनामा द्यायचा. 'ब' नावाच्या बरोबरीच्या सहकाऱ्याला अर्धं काम द्यायचं. किंवा हाताखाली दोन माणसं मागायची, 'क' आणि 'ड'. पार्किन्सन म्हणतो, कोणत्याही 'अ'ने तिसरी सोडून इतर कोणतीही वाट धरल्याचा दाखला इतिहासात बहुधा सापडणार नाही. राजीनामा दिला तर पेन्शन जाते. 'ब'ला अर्धं काम दिलं तर वरची खुर्ची रिकामी झाल्यावर तोच आडवा येतो. मग दोनच माणसं का, एक का नको? कारण एकच घेतला तर तो जवळजवळ बरोबरीचा होऊन बसतो. दोन असले की दोघं एकमेकांवर नजर ठेवतात, आणि दोघांचं काम ठाऊक असलेला माणूस एकटा 'अ' उरतो.

यथावकाश 'क' तक्रार करतो की झेपत नाही. त्याला दोन माणसं मिळतात, 'इ' आणि 'फ'. मग 'ड'ला दिली नाहीत तर तो रुसेल, म्हणून त्यालाही दोन, 'ग' आणि 'ह'. झाले सात. एकाचं काम सात जण करतात, आणि 'अ'ची बढती आता पक्की, कारण सहा माणसांचा साहेब साधा कसा राहील?

आता या सात जणांना करायला काय आहे? इथे पार्किन्सन एका पत्राच्या मागे कॅमेरा लावतो. पत्र येतं 'इ'कडे. त्याला वाटतं हा विषय 'फ'चा. 'फ' उत्तराचा मसुदा करून 'क'पुढे ठेवतो. 'क' त्याची चिरफाड करतो आणि 'ड'चा सल्ला मागतो. 'ड' ते 'ग'कडे ढकलतो. 'ग' नेमका रजेवर निघालेला, तो फाइल 'ह'कडे देतो. 'ह' टिप्पणी लिहितो, 'ड' सही करतो, कागद परत 'क'कडे. 'क' नवा मसुदा करून 'अ'पुढे ठेवतो. 'अ'ला खरं तर डोळे मिटून सही करावीशी वाटते, कारण त्याच्या डोक्यात या सहा जणांच्या रजा, बदल्या, पगारवाढी आणि आपसातली भांडणं आहेत. पण तो इमानदार माणूस आहे. तो वाचतो, 'क' आणि 'ह'ने घुसडलेले परिच्छेद खोडतो, 'फ'ने मुळात लिहिलं होतं त्यावर परत येतो, व्याकरण दुरुस्त करतो. शेवटी जे पत्र बाहेर पडतं ते हे सहा जण जन्मालाच आले नसते तरी त्याने लिहिलं असतंच. सगळ्यांनी जीव तोडून काम केलेलं असतं. ऑफिसात दिवे लागल्यावर 'अ' खांदे पाडून घरी निघतो आणि स्वतःशीच म्हणतो, मोठेपणाची ही किंमत मोजावीच लागते.

मंत्रालयात ज्याचं आयुष्य गेलंय त्याला हे भाषांतर करून सांगावं लागत नाही. लिपिक, कक्ष अधिकारी, अवर सचिव, उपसचिव. 'मान्यतेस्तव सादर', 'चर्चा करावी', 'चर्चा केली, पुनश्च सादर', 'कृपया बोलावे'. नस्तीच्या, म्हणजे सरकारी फाइलच्या, डाव्या बाजूला टिप्पण्यांची चळत वाढत जाते, आणि तळाला कुठेतरी अर्जदाराचा एक पानी कागद असतो. म्हणूनच सुरुवातीला म्हटलं की आपली म्हण खिडकीबाहेरून दिसतं ते सांगते. पार्किन्सनने आतून काय दिसतं ते सांगितलं. आणि आतून कुणीच आळशी दिसत नाही, हीच त्यातली भयंकर गोष्ट आहे.

त्याला हे सुचलं कुठे? त्याने सांगितलेली हकिकत अशी: दुसऱ्या महायुद्धात तो लष्करात मेजर होता, एका मुख्यालयात. वर हवाई दलाचा एक बडा अधिकारी, खाली एक कर्नल, त्याखाली विंग कमांडर, आणि मग हा. एकदा सगळ्यात वरचा रजेवर गेला, काही दिवसांनी कर्नल आजारी पडला, विंग कमांडर कसल्याशा कोर्सला गेला. हा घाबरला, आता चौघांचं काम आपल्या बोडक्यावर येणार. घडलं उलटंच. एकेक साहेब गेला तसतसं काम कमी होत गेलं, आणि हा एकटा उरला तेव्हा टेबल स्वच्छ. चौघं इतके दिवस एकमेकांनाच काम पुरवत होते.

पण इतिहासकाराला नुसत्या गोष्टीवर भागत नाही, म्हणून त्याने आकडे काढले. ब्रिटिश नौदल, १९१४ आणि १९२८. मोठी लढाऊ जहाजं ६२ होती ती २० राहिली. खलाशी आणि अधिकारी १,४६,००० होते ते १,००,००० झाले. गोदीतले कामगार ५७,००० वरून ६२,४३९. गोदीतले कारकून आणि अधिकारी ३,२४९ वरून ४,५५८. आणि लंडनला नौदलाच्या मुख्य कचेरीत बसणारे? २,००० वरून ३,५६९. म्हणजे जहाजं ६७ टक्क्यांहून जास्त घटली आणि साहेब ७८ टक्क्यांहून जास्त वाढले. पाण्यावर नौदल आटत होतं, जमिनीवर त्याला बाळसं येत होतं.

दुसरा दाखला ब्रिटनच्या वसाहत खात्याचा. १९३५ साली ३७२ कर्मचारी. १९४३ साली ८१७, आणि मधल्या काळात हाँगकाँग, मलाया, सिंगापूर जपानने घेतलेलं. १९५४ साली १,६६१. साम्राज्य जितकं आकसत गेलं तितके ते सांभाळणारे वाढत गेले. (हिंदुस्थान या हिशेबात नाही. आपला कारभार वसाहत खातं पाहत नव्हतं, त्यासाठी वेगळं इंडिया ऑफिस होतं. हे विसरून लोक १९४७ या आकड्यांना जोडतात.)

यावर कडी म्हणजे त्याने चक्क एक गणिती सूत्र दिलं. त्यात बढतीसाठी हाताखाली माणसं जमवणाऱ्यांची संख्या आहे, नोकरीला लागण्याचं आणि निवृत्तीचं वय यांतलं अंतर आहे, खात्यातल्या खात्यात टिप्पण्यांना उत्तरं देण्यात जाणारे तास आहेत. निष्कर्ष असा की कर्मचारी दरवर्षी ५.१७ ते ६.५६ टक्क्यांनी वाढतात, काम कितीही वाढो वा घटो, किंवा मुळात असो वा नसो. दोन दशांशस्थळं! मी कॅल्क्युलेटरवर त्याचेच आकडे टाकून पाहिले. चक्रवाढीने नौदल कचेरीची वाढ वर्षाला सुमारे ४.२ टक्के येते, वसाहत खात्याची सुमारे ८.२. दोन्ही त्याच्या पट्ट्याबाहेर. सरळव्याजाने नौदल कसंबसं आत बसतं, वसाहत खातं तर १८ टक्क्यांवर उडतं. तेव्हा सूत्र ही थट्टा आहे. प्राध्यापक लोक ज्या थाटात आकडे मांडतात त्या थाटाची.

आकड्यांच्या निवडीतही थोडी हातचलाखी आहे, हे सांगायला हवं. १९२२च्या वॉशिंग्टन कराराने मोठ्या जहाजांवर मर्यादा आली होती, म्हणजे जहाजं कमी झाली ती कारकुनांमुळे नव्हे. शिवाय १९१४ ते १९२८ या काळात पाणबुड्या, बिनतारी संदेश, कोळशाऐवजी तेल असं बरंच काही बदललं. जहाजामागे जमिनीवरचं काम खरोखरच वाढलं असणार. पार्किन्सनचा नियम न्यूटनच्या नियमासारखा नाही. तो डॉक्टरांच्या 'बघा, वजन वाढलंय' या वाक्यासारखा आहे: पुढची तपासणी तुम्ही करायची. पण 'काम वाढलं म्हणून माणसं वाढली' हे गृहीत धरून चालणाऱ्याला दचकवायला तो पुरतो.

१९५७ साली त्याचे असे लेख एकत्र करून पुस्तक निघालं. त्यातलं मला सगळ्यात आवडतं प्रकरण नियमाचं नाहीच. ते आहे सायकलींच्या शेडचं.

ते सांगण्याआधी आमच्या सोसायटीची गेल्या वर्षीची वार्षिक सर्वसाधारण सभा. विषय क्रमांक ६: दोन्ही लिफ्ट बदलणे, खर्च ३१ लाख. सेक्रेटरींनी कोटेशन वाचलं. त्यात 'व्ही-थ्री-एफ ड्राइव्ह' होतं, 'एआरडी' होतं, एएमसीच्या अटी होत्या. कुणीतरी 'वॉरंटी किती?' विचारलं, उत्तर आलं, माना हलल्या. सूचक कोण, अनुमोदक कोण, मंजूर. चार मिनिटं. विषय क्रमांक ७: नोटीस बोर्डाला काच बसवणे. काच सरकती हवी की दाराची? सरकत्या काचेत धूळ बसते. दाराची काच पोरांच्या क्रिकेटने फुटेल. किल्ली कुणाकडे? वॉचमनकडे दिली तर बोर्डाला अर्थ काय? तळमजल्यावरच्या काकांनी १९९८ साली लावलेला मूळ बोर्ड किती भक्कम होता याची आठवण काढली. चाळीस मिनिटांनी विषय उपसमितीकडे गेला. हत्ती गेला आणि शेपूट राहिलं. आणि हो, मीही बोललो. सरकत्या काचेच्या बाजूने, दोनदा.

पार्किन्सनच्या पुस्तकात ही सभा एका समितीची आहे. अजेंड्यावर एक अणुभट्टी, खर्च एक कोटी. त्यानंतर कारकुनांच्या सायकलींसाठी शेड, त्यामानाने चिल्लर रक्कम. अणुभट्टी अडीच मिनिटांत मंजूर होते. शेडवर पाऊण तास, छपराला ॲल्युमिनियमचे पत्रे की साधे यावर खल. त्यानंतर बैठकीच्या वेळच्या चहापाण्याचा खर्च, त्यावर सव्वा तास. म्हणजे एखाद्या विषयावर लागणारा वेळ हा त्यातल्या रकमेच्या व्यस्त प्रमाणात असतो.

का? तर अणुभट्टी म्हणजे काय हे निम्म्यांना ठाऊक नसतं आणि ते कबूल करायची कुणाची तयारी नसते. एका सभासदाला खर्चाबद्दल खरीच शंका आहे, थोडीफार माहितीही आहे. पण बोलायचं तर मुळापासून समजावत बसावं लागणार, आणि समोरचा एकही जण 'मला कळलं नाही' म्हणणार नाही. त्यापेक्षा गप्प बसणं सोयीचं. शेड मात्र प्रत्येकाने पाहिलेली असते, आणि अणुभट्टीवर गप्प राहिल्याची टोचणी असतेच. आपण इथे नुसते चहा प्यायला आलो नाही, हे दाखवायची ही संधी. चाळीस मिनिटं नोटीस बोर्डावर बोलणारे आम्ही मूर्ख नव्हतो. एकतीस लाखांवर काही बोलता आलं नाही, ती भरपाई आम्ही काचेवर करत होतो.

हे प्रकरण चाळीस वर्षांनी संगणकवाल्यांनी उचललं. १९९९ साली पॉल-हेनिंग कांप या डॅनिश प्रोग्रामरने एका क्षुल्लक बदलावर चाललेल्या लांबलचक वादाला कंटाळून सहकाऱ्यांना एक ईमेल लिहिली आणि त्यात सायकल शेडचा हा किस्सा सांगितला. तेव्हापासून 'बाइकशेडिंग' हा सॉफ्टवेअरवाल्यांचा रोजचा शब्द. हिंजवडीत एखाद्याने मीटिंगमध्ये 'अरे, बाइकशेडिंग नको' म्हटलं, तर तो नकळत त्या नौदलाच्या इतिहासकाराचंच बोट धरून बोलत असतो.

समित्यांबद्दल त्याची आणखी एक खोच आहे. समितीत माणसं वाढत गेली की एका आकड्यापुढे ती निकामी होते. तो आकडा त्याने १९.९ आणि २२.४ यांच्या दरम्यान ठेवला. माणसं दशांशात कशी? तर जे उशिरा येतात आणि लवकर जातात, ते.

आणि एक प्रकरण इमारतींवर आहे, त्यात आपण येतो. पार्किन्सन म्हणतो, एखाद्या संस्थेची इमारत अगदी आखीवरेखीव, परिपूर्ण झाली की समजावं, संस्थेचे दिवस भरले. जोमात असलेल्या संस्थेला असल्या गोष्टींना वेळ नसतो. त्याच्या उदाहरणांत जिनिव्हाचा राष्ट्रसंघाचा महाल आहे आणि नवी दिल्ली आहे. १९११च्या दरबारात राजधानीची घोषणा झाली, लुट्येन्सने आराखडा केला, वर्षानुवर्षं बांधकाम चाललं, आणि व्हाइसरॉय आपल्या नव्या महालात राहायला गेला डिसेंबर १९२९मध्ये. त्याच महिन्यात लाहोरला काँग्रेसने पूर्ण स्वराज्याचा ठराव केला. घराची वास्तुशांत झाली आणि दारात घर सोडायची नोटीस. दोन्हींचा कार्यकारणसंबंध अर्थातच नाही, पण कुठल्याही कंपनीचं चकचकीत नवं मुख्यालय पाहिलं की मला हे आठवतं आणि तिचे शेअर आपल्याकडे नाहीत याचं बरं वाटतं.

आता दुसरं पुस्तक. पार्किन्सन माणसं का वाढतात ते सांगतो, पण वाढलेल्या माणसांतली इतकी सगळी चुकीच्या खुर्चीत का असतात, ते सांगत नाही. ते सांगितलं लॉरेन्स पीटरने. हा व्हँकूवरचा, शिक्षणक्षेत्रातला माणूस. रेमंड हल नावाचा नाटककार एकदा एका पडेल नाटकाच्या मध्यंतरात लॉबीत कुरकुर करत होता, तिथे याची गाठ पडली. यांना साधं नाटक का बसवता येत नाही, या कुरकुरीला पीटरने उत्तर दिलं, ते ऐकून हल म्हणाला, हे लिहा. शेवटी लिहिलं हलनेच, आणि १९६९ साली दोघांच्या नावाने पुस्तक आलं.

सिद्धांत एका ओळीचा आहे: उतरंडीत प्रत्येक माणूस आपल्या अकार्यक्षमतेच्या पायरीपर्यंत चढतो. ऐकायला शिवी वाटते. उलगडून पाहिलं तर साधं तर्कशास्त्र आहे.

जिल्हा परिषदेच्या शाळेतल्या एका गणिताच्या बाई घ्या. अपूर्णांक शिकवाव्यात तर त्यांनीच. भाकरीचे तुकडे करून शिकवतात, पोरं घरी जाऊन भाकरीकडे वेगळ्या नजरेने बघतात. इतक्या चांगल्या शिकवतात, सेवाही झालेली, म्हणून त्यांना मुख्याध्यापक केलं जातं. आता त्यांच्या दिवसात अपूर्णांक नाहीत. पोषण आहाराच्या तांदळाच्या गोणी मोजायच्या आहेत, यू-डायस या शाळांच्या सरकारी नोंदणीत माहिती भरायची आहे, छप्पर गळतंय त्याचा प्रस्ताव पाठवायचा आहे, दोन शिक्षकांचं भांडण मिटवायचं आहे. या गोष्टी त्यांना जमत नाहीत. जमत असत्या तर त्या पुढे केंद्रप्रमुख झाल्या असत्या. जमत नाहीत म्हणून आता त्या इथेच राहणार, निवृत्तीपर्यंत. एका उत्तम शिक्षिकेच्या जागी गावाला एक त्रासलेल्या मुख्याध्यापिका मिळाल्या.

गफलत कुठे आहे ती बघा. बढती मागच्या कामाचं बक्षीस म्हणून मिळते, पण खुर्ची पुढच्या कामाची असते. काम जमतंय तोवर माणसाला हलवत राहतात, जमेनासं झालं की थांबवतात. म्हणजे त्याचा शेवटचा मुक्काम हमखास न जमणाऱ्या जागी. पीटरचं पोटवाक्य आणखी झोंबणारं आहे: वेळ गेला की प्रत्येक खुर्ची ती न झेपणाऱ्या माणसाकडे जाते, आणि जे काही काम होतं ते अजून वाटेत असलेले लोक करतात. तुमच्या ऑफिसात खरं काम कोण करतं आठवा. बहुधा तो अजून 'सीनिअर' झालेला नसतो.

पीटर पुढे वर्गीकरणाचा धुमाकूळ घालतो. कुचकामी माणसाला वरच्या पण निरुपद्रवी जागी ढकलणं, लांबलचक पदनाव देऊन कोपऱ्यातल्या खोलीत बसवणं, असे प्रकार त्याने नावं देऊन मांडले आहेत. आपल्याकडे यातल्या बऱ्याचशाला 'साइड पोस्टिंग' एवढा एकच सुटसुटीत शब्द आहे. मुक्कामाला पोचलेल्या माणसाची लक्षणंही दिली आहेत: सहकाऱ्यांपेक्षा मोठं टेबल लागणं, टेबलावर कागदांचा डोंगर ठेवणं किंवा उलट एकही कागद न ठेवणं, गरज नसताना दोन-तीन फोन बाळगणं. आज हे पुस्तक लिहिलं असतं तर फोनच्या जागी व्हॉट्सॲप ग्रुप आले असते. अंतिम मुक्कामाचा साहेब ओळखायचा असेल तर त्याने स्वतः काढलेले ग्रुप मोजावेत.

हे सगळं गंमत म्हणून लिहिलेलं, पण अभ्यासकांनी ते तपासून पाहिलं. २०१९ साली बेन्सन, ली आणि श्यू या तीन अर्थतज्ज्ञांनी शंभरावर अमेरिकन कंपन्यांतल्या विक्री कर्मचाऱ्यांची माहिती तपासली. कंपन्या सर्वांत जास्त माल खपवणाऱ्याला मॅनेजर करत होत्या, आणि जो स्वतः जितका जास्त खपवत होता, त्याच्या हाताखालच्यांची विक्री तितकी घसरत होती. पण त्यांनी एक गोष्ट पीटरच्या पुढची सांगितली: कंपन्या हे वेडेपणाने करत असतीलच असं नाही. बढतीचं गाजर काढून घेतलं तर खालचे मन लावून विकतील कशाला? एक वाईट मॅनेजर ही शंभर मेहनती विक्रेत्यांची किंमत असू शकते.

इटलीत कातानिया विद्यापीठातल्या तिघांनी संगणकावर एक खोटी कंपनी उभी केली. वरच्या पायरीवरची कुवत आणि खालच्या पायरीवरची कुवत यांचा संबंध नाही असं धरलं, तर सर्वोत्तम माणसाला वर चढवण्यापेक्षा चिठ्ठी टाकून कुणालाही चढवलेलं कंपनीला जास्त मानवतं, असं त्यांना दिसलं. याबद्दल २०१० साली त्यांना इग नोबेल मिळालं, म्हणजे आधी हसवणाऱ्या आणि मग विचारात पाडणाऱ्या संशोधनाला मिळतं ते.

'डिल्बर्ट'चं नाव घेतल्याशिवाय हा विषय संपत नाही, म्हणून घेतो. टेलिफोन कंपनीत नोकरी करणाऱ्या स्कॉट ॲडम्सने १९८९ साली ही चित्रमालिका सुरू केली आणि १९९६च्या पुस्तकात पीटरला उलटा केला: पीटरच्या जगात साहेब निदान खालच्या कामात तरी हुशार होता, आता थेट बिनकामाच्याच माणसाला मॅनेजर करतात, कारण तिथे त्याच्या हातून नुकसान कमी होतं. वाक्य फर्मास आहे, पण त्यात 'का' नाही, नुसता चिडचिडाट आहे. २०२३ साली ॲडम्सच्या कृष्णवर्णीयांबद्दलच्या वक्तव्यांनंतर अनेक अमेरिकन वर्तमानपत्रांनी ही मालिका बंद केली. जुन्या पट्ट्या पुन्हा चाळल्या तर एक जाणवतं: तिथे मूर्ख नेहमी दुसरा असतो.

आपल्याकडे ऑफिसवरचा विनोद कमी नाही. पु. ल. देशपांड्यांच्या 'असा मी असामी'चा नायक कंपनीतला कारकूनच आहे. पण मराठी विनोद माणसाच्या मागे जातो: साहेबाची लकब, हेडक्लार्कची तपकीर, शेजारच्या टेबलावरचा डबा. त्याच्या दृष्टीने माणूस हीच गंमत. पार्किन्सन आणि पीटर माणसाची नावंसुद्धा ठेवत नाहीत, 'अ' 'ब' 'क'वर भागवतात. खुर्च्या अशा मांडल्या की त्यात कोणीही बसवा, हेच होणार, असं त्यांचं म्हणणं. म्हणून ती पुस्तकं वाचताना आधी साहेब आठवतो, मग शेजारचा, आणि तिसऱ्या वाचनाला, वाचलंच तर, सरकत्या काचेच्या बाजूने दोनदा बोललेला माणूस आठवतो.

पीटरने यातून सुटायची एक वाट दिली आहे. बढती सरळ नाकारू नका, घरचे आणि ऑफिसातले दोघंही वेड्यात काढतील. त्यापेक्षा मुख्य काम चोख ठेवून एखाद्या बिनमहत्त्वाच्या बाबतीत ठरवून गबाळेपणा करा, म्हणजे वरचे आपोआप तुमचं नाव गाळतील. अधूनमधून कंपनीच्या अध्यक्षांच्या राखीव जागेत गाडी लावा, असा त्याचा सल्ला आहे.

माझ्या ओळखीचे एक गृहस्थ तालुक्याच्या एका कचेरीत आहेत. कुठलाही जुना कागद डोळे मिटून काढून देतात, त्यांच्या टेबलापुढे रांग थांबत नाही. विभागीय परीक्षा पास झाले तर बढती आणि दुसऱ्या खुर्चीवर बदली ठरलेली. दर वर्षी परीक्षेच्या दिवशी सकाळी त्यांचं पोट बिघडतं. यंदाही बिघडलं. दुसऱ्या दिवशी कामावर हजर होते, आणि डब्यात साबुदाण्याचे वडे होते.